शोकपत्रावरचं पहिलं नाव

व्लादेता नखांनी खोडावरचं शोकपत्र खरवडत होता. काळी चौकट, मधे त्याचाच फोटो, खाली त्याचंच नाव. खळ त्यानेच शिजवली होती, चांगली घट्ट. आता भोगा!

सिनेमा त्याचा. लेखक तो, दिग्दर्शक तो, कॅमेरा आणि संकलनही त्याचंच. चौदा वर्षं हेच चाललं होतं; या खेपेला मेलेला माणूसही तोच. गावात कुणी गेलं की अशी पत्रं झाडांवर, भिंतींवर लागतात, म्हणून चित्रीकरणासाठी त्याने सकाळी अकरा चिकटवली. आई ढोबळ्या मिरच्या भाजायला मावशीकडे गेली होती, उद्या यायची होती. पण आत्ता मावशीचा फोन आला होता.

"तुझी आई, देसांका, दुपारच्या बसने निघाली रे. एव्हाना पोचलीही असेल."

आईला एकदा हृदयाचा झटका येऊन गेला होता. दुसरा झेपणार नाही, असं डॉक्टरांनी बजावलं होतं.

दहा पत्रं निघाली. अकरावं बसथांब्यावर होतं. तो धावत पोचला, तर भिंतीवर कागदाचे नुसते चार कोपरे उरले होते. तिकीट-खिडकीतल्या कोसाराने त्याला पाहिलं आणि झटकन छातीवर क्रूस काढला.

"अरे देवा! तू जिवंत?"

"आई कुठाय?"

"बसमधून उतरली, वाचलं, मटकन खालीच बसली. मी पाणी आणेपर्यंत कागद फाडून घेऊन गेली."

"काही बोलली?"

"अवाक्षर नाही."

आई फोन उचलेना. तो घराच्या चढाला लागला. कित्येक वर्षांत देवाकडे काही मागितलं नव्हतं. आता तो नुसतं "नको, नको" म्हणत पळत होता. दार सताड उघडं होतं. उंबऱ्याशी पिशवी कलंडलेली, मिरच्या फरशीभर.

"आई!"

तो मिरच्या ओलांडत आत धावला.

ती स्वयंपाकघरात बसली होती. पांढरीफटक, डोळ्यांवर चष्मा, समोर तो कागद.

"बूट काढ," ती म्हणाली.

त्याने तिथेच बसकण मारली. "आई, तो सिनेमा..."

"कळलं मला. तिथंच कळलं." तिने तळाच्या यादीवर बोट ठेवलं. "शोकाकुल: पत्नी, दोन मुलं, बहीण, चुलते. तीनदा वाचलं. तू खरंच गेला असतास तर पहिलं नाव माझं असतं. म्हटलं, कार्टं थापा मारतंय."

तो हसला आणि हसता हसता रडायला लागला. ती हसली नाही.

"मला कधी मारलंस रे?"

"मारलं नाही गं. आईचं काम करायला कुणी मिळेना, म्हणून लिहितानाच गाळलं."

"कुणाला विचारलं होतंस?"

चौदा वर्षांत त्याने कुणालाच काही विचारलं नव्हतं.

ती उठली. कपाटातून काळा रुमाल काढून डोक्याला बांधला. गाठ दोनदा सुटली, तिसऱ्यांदा बसली. मग खुर्ची खिडकीशी, उजेडात ओढली.

"कॅमेरा नंतर," ती म्हणाली. "आधी तो कागद नवा छाप. मग बसते मी."