‘तो’ खोडून ‘ती’

यात्ता मावशी सहाशे अकरा मतांनी निवडून आली. आमच्या कोम्बेमातून संसदेवर निवडून आलेली ती पहिली बाई. हे वाचून झालं असेल तर कृपया विसरून जा, कारण असं काही घडलेलंच नाही. तसा शिक्का मारलेला कागद माझ्याकडे आहे.

तर, जे घडलंच नाही ते सांगते.

मावशी म्हणजे माझ्या आईची थोरली बहीण, वकील यात्ता सोवा. मी जेबे, तिच्या हाताखालची ज्युनियर. जिल्ह्यातली पहिली बाई वकील तीच. सनद मागायला राजधानीत, फ्रीटाऊनला गेली तेव्हा नियमात लिहिलं होतं, ‘अर्जदाराने त्याचे प्रमाणपत्र सादर करावे.’ त्याचे. तिचे नाही. म्हणून तिला दारातूनच परत पाठवत होते. मावशीने दुसरं पुस्तक उघडून दाखवलं : कायद्यात पुल्लिंगी शब्द आला की त्यात स्त्रीही धरावी. न्यायमूर्तींनी तीन आठवडे विचार केला आणि नाइलाजाने तिला ‘तो’मध्ये धरलं. पुढे ती मॅजिस्ट्रेट झाली. कोर्टात सगळे तिला ‘माय लॉर्ड’ म्हणायचे. एका म्हाताऱ्याने तर जामीन मागताना, ‘साहेब, तुमच्या बायकोकडे बघून तरी सोडा,’ असं म्हटलं. मावशीने सोडलं.

खरं तर आमच्या मेंडे भाषेत ‘तो’ आणि ‘ती’ वेगळे नाहीतच. दोघांना मिळून एक शब्द पुरतो. हा भेद इंग्रजीबरोबर बोटीतून आला, उतरला आणि थेट सरकारी नोकरीला लागला.

म्हणूनच निवडणुकीचा अर्ज भरताना मावशीने ते केलं. छापील अर्जात सात ठिकाणी ‘तो’ होता. तिने सातही ठिकाणी खोडून वर ‘ती’ लिहिलं आणि प्रत्येक खाडाखोडीपुढे छोटी सही केली.

“बत्तीस वर्षं ‘तो’च्या पोटात काढली,” ती म्हणाली. “आता बाहेर येते.”

निवडणूक अधिकारी सेनेसी यांनी अर्ज घेतला, सातही सह्या मोजल्या आणि हसले. तेव्हा आम्हाला वाटलं, कौतुकाने हसले.

मतमोजणी झाली. आता एवढंच उरलं होतं : जिंकलेल्या उमेदवाराने दुसऱ्या दिवशी पाचच्या आत टाउन हॉलमध्ये यायचं, निकालपत्र स्वतः वाचायचं आणि सही करायची. नाही आला, तर जागा दुसऱ्या क्रमांकाला. दुसरा क्रमांक ऑनरेबल वान्दी यांचा होता. ते तीनदा निवडून आले होते आणि त्यांना चौथ्यांदाची सवय आधीच झाली होती.

दुसऱ्या दिवशी बाराला शिंग वाजलं. रानदेव बाहेर पडला होता.

मुखवटा लावलेला, पायांपर्यंत सुकं गवत पांघरलेला रानदेव गावात आला की बायकांनी घरात बसायचं, खिडक्या लावायच्या, त्याच्याकडे बघायचं नाही. पिढ्यानपिढ्यांचा रिवाज आहे, त्याची आम्ही थट्टा करत नाही. पण तो येतो कापणीनंतर, नाहीतर कोणी मोठा माणूस गेला तर. कापणीनंतरचा तो कधीच येऊन गेला होता.

“कोण गेलं गं?” शेजारच्या कादीने भिंतीपलीकडून विचारलं.

“अजून कोणी नाही,” मावशी म्हणाली. “माझी वाट बघतायत.”

चुलीवर कसाव्याचा पाला शिजत होता. भात झाला, आम्ही जेवलो, दोन वाजले. मावशीने सेनेसींना फोन लावला.

“बाई, मी पडलो सरकारी माणूस. देवाच्या वेळापत्रकात मी कसा हात घालू?”

“मग मला मुदत वाढवून द्या.”

“देतो की! फक्त मुदतवाढीचा अर्ज उमेदवाराने प्रत्यक्ष येऊन द्यायचा असतो.”

तीनला बंद खिडकीशी खोकल्याचा आवाज आला. रानदेव काढणाऱ्या पुरुषांच्या मंडळातले सगळ्यांत वयस्कर, पा म्हणजे बाबा मोरिबा, बाहेर उभे होते.

“यात्ता, पोरी, एक वाट आहे. पूर्वी ज्या बायका गादीवर बसल्या त्यांना आमच्यात घेतलं होतं. त्या पुरुष धरल्या गेल्या, मग कुठेही फिरल्या. तुलाही करून घेऊ.”

“पुरुष व्हायला वेळ किती लागतो, पा?”

“अर्धा तास. आणि एक बकरी.”

“एवढंच? मला त्यात अख्खी कारकीर्द घालवावी लागली.”

“मग आणू का बकरी?”

“नको, पा. लोकांनी बाईला मतं दिली. सही बाईच करणार.”

“मी सांगत होतो त्यांना,” पा मोरिबा हळू आवाजात म्हणाले, “मतमोजणीला देवाला आणू नका. ऐकतंय कोण? शिंग वान्दीच्या गाडीतून उतरलं.” आणि काठी टेकत गेले.

मावशीने डोक्याचा रुमाल सोडला. “जेबे, मनाई कशाची आहे?”

“बाहेर जायची.”

“वकील आहेस की कोंबडी? मनाई बघायची आहे. घरात बसतो ते दिसू नये म्हणून. चालणं म्हणजे बघणं नव्हे.” आणि तिने रुमाल डोळ्यांवर बांधला. “तुझाही सोड.”

अशा रीतीने जिल्ह्यातली पहिली बाई वकील आणि मी, डोळे बांधून, हातात हात घालून, भर उन्हात टाउन हॉलकडे निघालो. गल्लीत चिटपाखरू नव्हतं. पण बंद खिडक्यांआडून आवाज यायला लागले. या बायकांनाही आम्ही दिसत नव्हतो, पण आपल्या दारासमोरचा रस्ता त्यांना पावलांवरून कळत होता.

“यात्ता मावशी, तीन पावलांवर गटार!”

“डावीकडे! अगं, तुझी डावी नव्हे, तिची डावी!”

“इथे माझी बकरी बांधलीय, तुडवू नका गं!”

“तिला लपव,” मावशी ओरडली. “गावात आज बकऱ्या शोधतायत.”

गटार चार पावलांवर निघालं. मी एकदा पडले, मावशी दोनदा. शेवटी पायाखाली टाउन हॉलच्या पायऱ्या लागल्या. आत शिरल्यावर सुक्या गवताची सळसळ ऐकू आली. रानदेव सहीच्या टेबलाशेजारी उभा होता.

“चार वाजून पन्नास,” सेनेसी म्हणाले. “या बाई, बसा. निकालपत्र वाचा.”

“तुम्ही वाचून दाखवा.”

“नियमात ‘स्वतः वाचून’ आहे.”

“माझी ज्युनियर वाचेल.”

“त्यांचेही डोळे बांधलेले दिसतात,” सेनेसी म्हणाले. त्यांना दिसत होतं, ही त्यांची जमेची बाजू.

मावशीचा हात माझ्या हातातून सुटला. रुमाल टेबलावर पडल्याचा आवाज आला. मग कागद उलटल्याचा. तिने पूर्ण वाचलं. दोन शुद्धलेखनाच्या चुकाही दुरुस्त केल्या असाव्यात, कारण पेन दोनदा थांबलं. मग सही. मग तिने मान वर केली असणार.

“बूट नवे का, ऑनरेबल?” मावशीने विचारलं.

गवत जोरात सळसळलं आणि दोन पावलं मागे गेलं. मी पाहिलं नाही. मी अजूनही कायद्याने बाई आहे.

“पाहिलं हिने! पाहिलं!” भिंतीशी उभे असलेले पुरुष ओरडले. “पा, रिवाज सांगा!”

पा मोरिबांचा आवाज एवढासा झाला होता. “रिवाज असा आहे, पोरी. जी पाहते ती आमच्यातली होते. आजपासून तू पुरुष.”

“ठीक आहे,” मावशी म्हणाली. “पुरुष तर पुरुष. चार पंचावन्न झालेत. शिक्का मारा.”

सेनेसींनी फाइल उघडली. मावशीचा उमेदवारी अर्ज बाहेर काढला असावा, कारण ते मोजायला लागले. “एक, दोन, तीन... सात. उमेदवार ‘ती’ आहे. सात ठिकाणी, तुमच्याच सहीने. समोर बसलाय तो पुरुष. त्याचा अर्ज कुठेय?”

“पुल्लिंगात स्त्रीलिंग धरावं असा कायदा आहे!”

“आहे ना. ‘तो’मध्ये ‘ती’ येते, बाई.” ते थांबले. “माफ करा, साहेब. पण ‘ती’मध्ये ‘तो’ येतो असं कुठे लिहिलंय?”

मावशी एकेक कलम पुटपुटत आठवू लागली. पाचचे ठोके पडले. कागदावर शिक्का पडला, तोच हा : ‘श्रीमती यात्ता सोवा (स्त्री) मुदतीत हजर झाल्या नाहीत. एक पुरुष हजर होता. त्याचा प्रस्तुत निवडणुकीशी संबंध नाही.’

याला पाच वर्षं होत आली. दावा फ्रीटाऊनला आहे, तारखा पडतात. वान्दींची मुदत पुढच्या महिन्यात संपते. गावातल्या बायका आपल्या बैठकीला मावशीला बोलवत नाहीत. ‘आता तू त्यांच्यातली,’ म्हणतात. पुरुष म्हणतात, ‘बकरी कुठेय?’ तिच्याकडे पक्षकारही येत नाहीत, आपल्या बाजूने नेमकं कोण उभं राहणार हे त्यांना कळत नाही. ती ओसरीवर बसून भुईमुगाच्या शेंगा सोलते आणि मला अर्ज सांगते. हा सतरावा.

“कुठे ‘तो’ लिहू आणि कुठे ‘ती’?” काल मी विचारलं.

“काहीच लिहू नकोस. जागा सोड. त्यांनाच भरू दे.”

प्रति, मा. निवडणूक अधिकारी, कोम्बेमा. विषय : अर्जदाराचे लिंग पूर्ववत करण्याबाबत. महोदय, वरील विषयास अनुसरून नम्र विनंती की, अर्जदारास मतमोजणीच्या दुसऱ्या दिवशी दुपारी चार वाजून पन्नास मिनिटांपासून पूर्वलक्षी प्रभावाने स्त्री घोषित करावे व ____ची जागा ____ला परत द्यावी. हे शक्य नसल्यास, त्या दिवशी टेबलाशेजारी उभे असलेले बूट पुराव्यादाखल, पायांसह, या कार्यालयात जमा करून घ्यावेत व तशी पोच अर्जदारास त्वरित द्यावी.