नाव टाकल्याबिगर बसायचं न्हाय

माझा धाकटा भाऊ गौरीशंकर पुण्यात कॉम्प्युटरवाला, आणि मी बजरंग, इथं नळदुर्गात शेती आणि आण्णांना सांभाळणारा. आण्णा म्हणजे आमचे वडील. सूतगिरणीच्या कॉम्प्युटर खोलीत त्यांची सारी नोकरी झाली. आता त्यांना माणसं ओळखू येत न्हाईत. आंघोळ मी घालायची, भाकरी कुस्करून मी भरवायची, आणि त्यांनी मलाच इचारायचं, "कुणाचे तुम्ही?"

गौऱ्याचा फोन आला. "दादा, लिंक पाठवलीय. ब्राउझरमध्येच आण्णांच्या गिरणीतल्या कॉम्प्युटरवरचा जुना डॉस चालतो, काही बसवायला लागत न्हाय. आण्णांना दाखव."

लेकीचा लॅपटॉप आणून लिंक उघडली. काळा पडदा आणि लुकलुकणारी एक रेघ. मला वाटलं, बिघडलं!

पण आण्णा ताठ बसले. थरथरणारी बोटं कीबोर्डवर गेली आणि नीट चालायला लागली. पडद्यावर भराभर ओळी आल्या तसे ते खुदकन हसले. "हे कुणी चालू केलं?"

"गौरीशंकर भावजींनी," माझी बायको निकिता बोलून मोकळी झाली.

"माझा गौरीशंकर! लई गुणाचं पोर!"

माझ्या अंगाचा तिळपापड झाला. अरं, हागणं-मुतणं मी काढायचं, आन् गुणाचं पोर ते? त्यानं तिकडं खुर्चीत बसून एक बटन दाबलं, एवढंच ना! मग रोज सकाळी तेच. आण्णा पोटभर जेवायचे, निवांत झोपायचे, आणि नाव घ्यायचे गौऱ्याचं.

"खूश हायेत ना? मग तुमचं काय दुखतंय?" निकिता म्हणायची.

सगळंच दुखत होतं, काय सांगू तिला!

काल लॅपटॉप लावून दिला आणि त्यांच्याजवळ टेकायला गेलो, तर आण्णांनी हात आडवा घातला. "चपला बाहेर काढा. आणि नाव सांगा. नाव टाकल्याबिगर इथं बसायचं न्हाय."

गिरणीतला त्यांचा कायदा. तिथं साहेबालासुदीक सूट नव्हती. मी चपला काढून आलो. बजरंग म्हणलं, तर परत "कुणाचे तुम्ही" ऐकायचं. मला बघून एकदा तरी त्यांचा चेहरा फुलावा, दुसरं काय पाहिजे होतं मला?

"गौरीशंकर," मी म्हणालो.

त्यांनी एकेक अक्षर दाबलं. खाली मशीननं काहीतरी चुकल्याचं इंग्रजीत सांगितलं, तिकडं त्यांनी बघितलंसुदीक न्हाय. माझ्या तोंडावरून हात फिरवला. "आलास व्हय रं? कवाधरनं वाट बघतोय."

मी तो हात गालाशी धरून ठेवला. चोरीचा होता, पण सोडवंना.

"बजरंगला हाक मार," आण्णा म्हणाले. "त्यालाबी दाखवू. माझं सगळं त्योच करतो, बिचारा. घडीभर बसत न्हाय. त्याच्याबिगर मला करमत न्हाय बघ."

मी त्यांच्यापुढं सरकलो. "आण्णा, म्याच बजरंग."

त्यांनी पडद्यावरच्या नावाकडं बघितलं, मग माझ्याकडं.

"थट्टा करू नगं, गौऱ्या," ते म्हणाले. "जा, बजरंगला बोलवून आण."