सातव्या भागातलं अस्वल

"बघ, आली! आली की नाही?" अस्वलाच्या तोंडातून हे ओरडले.

आमची ठमी रांगत थेट त्या केसाळ पोटापर्यंत पोचली होती. कातड्यात दोन्ही मुठी रुतवून ती खिदळली. आमच्या एका खोलीत जमिनीवर पसरलेलं ते धूड म्हणजे माझा नवरा. कंपनीच्या जंगलपटात यांना अस्वलाचं काम होतं. मूकपटांचे दिवस ते. मालिका बारा भागांची, दर आठवड्याला एक भाग लागायचा.

सातव्या भागात अस्वल पाळण्यातलं मूल पळवून नेतं असं होतं. मूल हवं होतं, तर यांनी आपलंच देऊ केलं.

"माझ्याच हातात असणार ना ती? दुसऱ्याचं पोर पाडलं-बिडलं तर निस्तरायचं कुणी?"

ठमीनं घाबरू नये म्हणून कातडं घरी आलं आणि रोज संध्याकाळी तालीम सुरू झाली. सासूबाई कोपऱ्यातून म्हणायच्या, "लोकांचे नवरे घरी येऊन माणसांत येतात. आमचा घरी येऊन जनावर होतो."

मलाही हसू यायचं. पण त्या कातड्याला उंदरांचा वास होता आणि ठमी त्याचे केस तोंडात घालायची, त्यामुळे माझं लक्ष तिच्यावरून हलत नसे. "जगात पहिलंच मूल झालंय जसं," हे म्हणायचे. पुढे पुढे ती इतकी सरावली, की कातडं नुसतं खुंटीला टांगलेलं दिसलं तरी हात पसरायची.

कंपनीच्या मागच्या मोकळ्या जागेत जंगल उभं केलं होतं. सकाळी तोडून आणलेल्या फांद्या दुपारपर्यंत माना टाकत, मग एक जण डबा घेऊन त्यांना हिरवा रंग फासत फिरायचा. चित्रात आवाज येणारच नव्हता, म्हणून ज्याला जे वाटेल ते तो बोले. नायिका पाळण्याशेजारी हात जोडून देवाची करुणा भाकत होती आणि तोंडानं म्हणत होती, "मेल्यांनो, आटपा की! मुंग्या चावतायत पायाला."

यांनी ठमीला पाळण्यातून उचललं. ठमी खिदळली. पुन्हा उचललं, पुन्हा खिदळली.

डायरेक्टरनं कपाळावर हात मारला. "अरे, हे अस्वल मूल पळवतंय की मामाकडे सुटीला नेतंय?"

"चिमटा काढू का साहेब?" कुणीतरी विचारलं.

"हात तर लावून बघा," मी म्हटलं.

डायरेक्टर हसला नाही. तो सावलीकडे बघत होता. लांबून चालताना दाखवायला कंपनीनं एक खरं अस्वलही आणलं होतं. म्हातारं, एका डोळ्यात फूल पडलेलं. अस्वलवाला तिथे त्याची साखळी धरून बसला होता.

"पोरगी घाबरतच नाही," डायरेक्टर सावकाश म्हणाला, "तर मग खऱ्याकडेच जाऊ दे. असं कुणी कधी दाखवलंय?"

अस्वलवाल्यानं मान हलवली. "साहेब, जनावर आहे. मी कसा शब्द देऊ?"

डायरेक्टर यांच्याकडे वळला. "पुढच्या चित्रात तुला कातडं नाही. तोंड दिसेल असं काम देतो. नायकाचा भाऊ."

यांनी अस्वलाचं डोकं काखेत धरलं होतं. केस घामानं कपाळाला चिकटले होते.

"काही करत नाही ते," हे म्हणाले. "रोज त्याच्या शेजारी बसून डबा खातो मी."

"अहो," मी म्हटलं. "अहो, इकडे बघा जरा."

यांनी बघितलं नाही. "तू लांब उभी राहा. तू दिसलीस की ती तुझ्याकडे येईल."

नायिकेनं आणि कपडेवालीनं माझे दंड धरले. वाईट नव्हत्या बिचाऱ्या. "डोळे मीट गं, डोळे मीट," कपडेवाली माझ्या कानाशी म्हणत राहिली. मी मिटले नाहीत.

अस्वलाची मुसकी काढली. ठमीला गवतावर ठेवलं. कॅमेरावाला हँडल फिरवू लागला. तिनं अस्वलाकडे पाहिलं आणि ओळखीचं हसून दोन्ही हात वर केले. तेव्हा मला कळलं, आम्ही काय करून ठेवलं होतं ते. अस्वल म्हणजे बाबा, एवढंच आम्ही तिला शिकवलं होतं.

ती रांगत निघाली. मी किंचाळले. ती थांबली, माझ्या दिशेला वळून पाहिलं आणि पुन्हा निघाली. अस्वलानं तिचं डोकं हुंगलं, मानेवरून जीभ फिरवली. तिनं त्याचा ओठ धरून ओढला. त्यानं तोंड उघडलं, अगदी मोठं, आणि जांभई देऊन मान फिरवली.

टाळ्या पडल्या. हे धावत गेले, ठमीला उचलून हवेत नाचवलं आणि माझ्यापुढे आणून उभे राहिले. "काही झालं का? सांग ना, काही झालं का?"

काहीच झालं नव्हतं. साधा ओरखडा नाही. काही झालं असतं तर चार माणसं माझ्या बाजूनं बोलली तरी असती.

सातवा भाग लागला तेव्हा आम्ही बघायला गेलो. पडद्यावर ठमी मध्येच थांबून बाजूला बघते. लोकांना वाटलं, जंगलाकडे बघतेय. मग अस्वल तोंड उघडतं आणि भाग तिथेच संपतो. माणसं जीव मुठीत धरून आठवडाभरासाठी घरी गेली. हे पडद्याकडे बघतच नव्हते, लोकांच्या तोंडांकडे बघत होते.

नायकाचा भाऊ दुसऱ्याच कुणाला केलं. पाठोपाठ बोलपट आले आणि कंपनी बुडाली. फितींवर चांदीचा लेप असतो म्हणे. चांदीच्या लोभानं मालिकेचे बाराही भाग उकळून टाकले. ठमी कुणाच्या वाटी-चमच्यात गेली, देव जाणे.

ती चार वर्षांची झाली, तरी हे कामाच्या शोधातच होते. एक दिवस नव्या कंपनीत जायला निघाले. तोंडाला पावडर लावली, भांग दोनदा मोडून पाडला. "तूही चल," म्हणाले. "माझ्या एकट्याच्या बोलण्यावर कुणी विश्वास ठेवत नाही. तू होतीस तिथं."

मॅनेजरनं विचारलं, "आधी चेहरा कुठे दिसलाय तुमचा?"

"चेहरा नाही दिसला, पण—" आणि यांनी सातवा भाग सांगितला. हातवारे करत, छान रंगवून सांगितला. "कामासाठी पोटची पोर खऱ्या अस्वलापुढे ठेवली मी. मला काम द्या, साहेब, मी मागे हटणाऱ्यातला नाही."

मॅनेजर हसला. "रोज ऐकतो. इथे येणाऱ्या प्रत्येकाचं चांगलं काम नेमकं हरवलेल्या चित्रातच असतं."

"ही माझी बायको. विचारा तिला."

"काय हो बाई, खरं का हे?"

हे माझ्याकडे बघत होते. पापणीसुद्धा न हलवता, सगळा जीव डोळ्यांत आणून. माझं बोट धरून उभी असलेली ठमी टेबलावरच्या शाईच्या दौतीकडे टक लावून होती.

"मी नाही पाहिलं," मी म्हटलं. "मी डोळे मिटले होते."

बाहेर पडलो तसे हे भराभर पुढे निघाले. कोपऱ्यावरच्या नळाशी थांबले, वाकले आणि ओंजळीनं तोंड धुवायला लागले. पावडरचं पांढरं पाणी हनुवटीवरून कॉलरमध्ये उतरत होतं. हे चोळत राहिले, चोळतच राहिले. मागे रिकामी बादली घेऊन एक माणूस खोळंबला होता. त्यानं बराच वेळ वाट पाहिली.

"बस करा हो आता," तो शेवटी म्हणाला. "निघालंय सगळं."