विटा खाणारा उजेड

आमच्या गल्लीत खोगीरवाल्यांचं घर होतं. उडत्या घोरपडींवर घालायची खोगिरं त्या घरात पिढ्यान्‌पिढ्या शिवली जात. म्हातारा गेला आणि त्याच्या दोन्ही मुलांनी वाटण्या केल्या. त्या इतक्या चोख झाल्या, की कातडं कापायचं लांब टेबलही मधोमध करवतलं गेलं आणि दोघांच्या वाट्याला दोन-दोन पाय आले. दोन पायांवर टेबल उभं राहत नाही हे मागाहून कळलं, पण न्याय झाला होता. मग घराच्या मधोमध भिंत उठली, बोलणं बंद झालं आणि बायकांनीही एकमेकींशी बोलू नये असं फर्मान निघालं. जावाजावांचं चांगलं जमायचं, म्हणून तर फर्मान काढावं लागलं.

एके दिवशी धाकटी जाऊ चूल पेटवायला गेली, तर स्वयंपाकघर आधीच जांभळ्या उजेडानं भरलेलं. भिंतीतल्या दोन विटांच्या मधून मुठीएवढा स्फटिक फुटला होता. ऊबदार होता आणि गाईनं रवंथ करावं तसा हलका आवाज काढत होता. त्याचं दुसरं टोक थोरल्याकडे निघालं होतं.

"अगं, तुझ्या दिराला सांग," थोरला बायकोवर ओरडला, म्हणजे भिंतीवर ओरडला, "स्फटिक आपल्या बाजूनं उगवलाय!"

"तुझ्या थोरल्या भावजींना सांग," पलीकडून धाकटा गरजला, "मूळ आपल्याकडे आहे, त्यांच्याकडे नुसतं शेपूट!"

दोघी बायका आपापल्या कामाला लागल्या. निरोप पोचवायची गरजच नव्हती. तो चौकापर्यंत पोचला होता.

गल्ली लोटली. न्हाव्यानं उजेडात गुडघा धरला आणि तो बरा झाल्याचं जाहीर केलं. तो त्याआधी दुखत होता हे मात्र कोणालाच माहीत नव्हतं. एकीनं अंडी न देणारी कोंबडी आणून बसवली. कोंबडी झोपली. हीसुद्धा प्रचीतीच मानली गेली.

बातमी राजवाड्यात गेली आणि तिथून स्फटिकपंडित आले. त्यांच्या घोरपडीवरचं खोगीर दुसऱ्याच दुकानातलं होतं, हे दोन्ही भावांच्या सर्वांत आधी लक्षात आलं. पंडितांनी भिंतीला कान लावला, स्फटिक ठोकला, चाटलासुद्धा.

"हा विटा खातो," ते म्हणाले. "भिंत आतून पोकळ होत चाललीय. पडायच्या आत इथून माणसं हलवा."

"दादानं पढवलंय तुम्हाला," धाकटा म्हणाला.

"मी तुमच्यापैकी कोणालाही ओळखत नाही."

"बघा! हेही पढवलेलंच!" थोरला म्हणाला. त्या घरात इतकं एकमत पुष्कळ दिवसांत झालं नव्हतं.

पंडितांनी हात जोडले आणि ते उडून गेले.

धोका काही दोघांना पटला नाही, पण चारा पटला. स्फटिक विटा खातो ना? मग त्याला आपल्या बाजूनं खाऊ घालायच्या, म्हणजे तो आपल्या बाजूला वाढेल! थोरल्यानं ओटा फोडला. धाकट्यानं पायऱ्या उखडल्या. स्फटिक दोघांच्याही विटा तितक्याच आनंदानं खात होता आणि तोंडी लावायला भिंत होतीच. बघता बघता तो आढ्याला टेकला. त्याच्या भोवतीनं भिंतीला खिंडार पडलं होतं. त्यातून दोघी जावांचं बोलणं केव्हाच सुरू झालं होतं. नवरे विटा आणायला गेले, की दोघी पोट धरून हसायच्या.

एका दुपारी थोरला ओट्याची शेवटची वीट भरवत असताना भिंत बसली. धडाम आवाज झाला आणि धुळीत काही दिसेना.

"दादा!" धाकट्याच्या तोंडून निघून गेलं. तो ढिगाऱ्यावर धावला आणि दोन्ही हातांनी विटा उपसू लागला. नखं फुटली तरी थांबला नाही. खाली थोरल्याचा पाय अडकला होता.

"लागलं का रे?"

"नाही."

"मग हलत का नाहीस?"

"तुझा गुडघा माझ्या छातीवर आहे."

धाकटा बाजूला झाला आणि भोकाड पसरून रडला. थोरलाही रडला, पण डोळ्यांत धूळ गेली असं सांगून.

स्फटिक मात्र विझला होता. काचेच्या बाटलीच्या बुडासारखा पडून होता. दोघांनी त्याला विटा दाखवल्या, फुंकर घातली, हाकाही मारल्या. उपयोग नाही. शेवटी दोघांचा विचार ठरला. उजेड भिंतीत आला होता, म्हणजे परत भिंत बांधली पाहिजे.

आणि मग गल्लीनं ते अपूर्व दृश्य पाहिलं. वेगळं होण्यासाठी सख्खे भाऊ खांद्याला खांदा लावून राबत होते. एक गारा कालवी, दुसरा वीट लावी. लंगडणाऱ्या दादाला धाकटा जड उचलू देत नव्हता. दुपारी एकाच ताटात जेवत आणि पुन्हा भिंतीला भिडत.

भिंत कमरेएवढी आली तेव्हा थोरली जाऊ म्हणाली, "भावजी, मधे दार ठेवा."

"वहिनी, भिंतीत दार ठेवलं तर ती भिंत कसली?"

"बरं. मग उद्यापासून दादाबरोबर जेवायला भिंतीवरून उडी मारून या."

दार ठेवलं.

स्फटिक पुन्हा आला नाही. दोघे भाऊ अजूनही सकाळी भिंतीला कान लावून बसतात आणि तो आधी कोणाच्या बाजूला फुटेल यावर कडाकडा भांडतात. बसतात मात्र धाकट्याच्या बाजूला. तिथं ऊन चांगलं येतं.