ताराबाईची साक्ष

पुकारा झाला तशी ताराबाई काठी टेकत साक्षीच्या पिंजऱ्यात चढली. रोशनी मागे भिंतीशी उभी होती. आपल्या नवऱ्याबद्दल ही बाई आता काय बोलेल, याचा तिला काहीच अंदाज नव्हता.

तेलंगणात मिरची तोडून गावचे मजूर परत येत होते. पिकअप सुरेंद्र चालवत होता, रोशनीचा नवरा. नागभीड जवळ आलं असताना पहाटे गाडी रस्त्यात बंद पडलेल्या ट्रकवर मागून आदळली. सुरेंद्र गेला, ताराबाईचा नवरा बाबुलाल गेला, अंजनाबाईची दिव्या गेली. सुरेंद्रला डुलकी लागली, असं गावाने त्याच दिवशी ठरवून टाकलं. मयतीला जमलेल्या सगळ्यांदेखत अंजनाबाई रोशनीला म्हणाली होती, "तुह्या नवऱ्यानं खाल्ली माही पोरगी." तेव्हापासून ती रोशनीच्या घरावरून जायची, ती मान फिरवून.

ट्रकच्या विमा कंपनीचंही तेच म्हणणं होतं. ड्रायव्हर झोपला, चूक त्याची. ते खरं ठरलं तर रोशनीला भरपाई मिळणार नव्हती, बाकी दोन घरांचीही लोंबकळत राहिली असती. पण रोशनीला आतून पोखरत होतं ते वेगळंच. खरंच झोपला असेल का तो?

हे सांगू शकणारी एकटी ताराबाईच होती. केबिनमध्ये ती सुरेंद्रच्या शेजारी बसली होती. डोक्याला मार लागल्याने कितीतरी दिवस तिला धड बोलताच येत नव्हतं, आणि मग भाऊ तिला घुग्घुसला घेऊन गेला, तो आज साक्षीलाच तिला चंद्रपूरला घेऊन आला.

कंपनीच्या वकिलाने विचारलं, "रात्रभर गाडी चालवून ड्रायव्हरला झोप लागली होती ना?"

"नाई जी. तो बोलून राह्यला होता."

"काय बोलत होता?"

ताराबाईने न्यायाधीशांकडे पाहिलं. "सांगू का जी?"

"सांगा."

"बायकोची तक्रार करून राह्यला होता. भाजीत मीठ लय टाकते म्हणे, पण सांगाची हिंमत नाई होत. मी हासली. तेवढ्यात तो ओरडला, 'मावशी, ट्रक!' अन् जोरात ब्रेक मारला. त्या ट्रकले ना दिवा होता, ना काई."

कोणीतरी खुदकन हसलं. रोशनीलाही हसू फुटलं. पदर तोंडाशी नेईपर्यंत त्याचं रडं झालं, आणि ते आवरायला ती बाहेर व्हरांड्यात आली. जागा होता तो. खांबाला टेकून ती स्वतःशी पुन्हापुन्हा तेवढंच म्हणत राहिली. जागा होता.

उन्हाळा लागता लागता निकाल आला. चूक ट्रकवाल्याची ठरली आणि तिन्ही घरांना भरपाई मंजूर झाली. पैसे खात्यात जमा झाल्याचं रोशनीच्या वकिलाने फोनवर कळवलं, त्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी रोशनी अंगणात सडा टाकत होती. मान वर करून पाहते तो फाटकाशी अंजनाबाई.

"ब्रह्मपुरीले बँकेत जाचं हाय," अंजनाबाई कुंपणाच्या काट्यांकडे बघत म्हणाली. "मले एकटीले काई समजत नाई तिथलं. तू येतं का संग?"

"येतो ना बाई. चप्पल घालून येतो."

रोशनी लगबगीने घरात गेली. बाहेर येऊन पाहते, तर अंजनाबाई ओल्या सड्यावरून जपून पावलं टाकत आत आली होती आणि ओसरीवर टेकली होती.

"पाणी दे आधी."

रोशनीने लोटा भरून आणला. देताना थोडं पाणी अंजनाबाईच्या लुगड्यावर सांडलं. तिने ते झटकलंसुद्धा नाही. घटाघटा सगळं पाणी प्यायली, पदराने तोंड पुसलं आणि खांबाला पाठ लावून पाय पसरले.

"आता चहा मांड. बँक कुठी पळून नाई चालली."