पाऊण चाल

दार सताड उघडं होतं, तरी त्याचा निळा खलाशी पुन्हा चौकटीवर जाऊन आदळला. धाकट्याने अंगठा उचलला, पँटला पुसला आणि परत फोनच्या काचेवर टेकवला. खलाशी मागे सरकला, वळला आणि या खेपेला दाराच्या दुसऱ्या बाजूच्या भिंतीला नाक लावून उभा राहिला, शिक्षा झालेल्या पोरासारखा. आत इंजिनाच्या खोलीत त्याचं काम तसंच पडलेलं होतं.

सोफ्याच्या दुसऱ्या टोकाला त्याची बायको पाय पोटाशी घेऊन आपल्या फोनवर खेळत होती. तिने मान वर केली नाही, हे त्याने आधी पाहून घेतलं.

रविवारी दुपारी जेवणं आटोपली की घरातली माणसं जिथे असतील तिथून या जहाजावर चढायची. जहाज फोनमधलं. प्रत्येकाचा एक रंग, प्रत्येकाला चार कामं. त्यातला एक जण लबाड. तो कोण हे फक्त त्यालाच ठाऊक. तो एकेकाला आडोशाला गाठून मारत सुटायचा. प्रेत सापडलं किंवा कोणी घंटा वाजवली की उरलेले जमायचे, एकमेकांवर संशय घ्यायचे आणि मतं टाकून एकाला समुद्रात ढकलायचे. मेलेला खेळाबाहेर जात नसे. तो भूत होऊन हिंडत राही. जिवंतांना तो दिसत नसे, आणि भिंती त्याला अडवत नसत.

हा खेळ घरात आणला ताईने, म्हणजे धाकट्याच्या मोठ्या बहिणीने, आणि नियमही तिचेच. फोन स्पीकरवर ठेवायचा, पण चालताना तोंडातून अवाक्षर काढायचं नाही. घंटा झाली की ज्याला विचारलं त्याने उत्तर द्यायचं. खोटं बोललं तरी चालेल, गप्प बसलेलं चालणार नाही. हे नियम सगळे पाळत, आत्या सोडून. वडिलांची ही धाकटी बहीण मरताना मारणाऱ्याचं नाव मोठ्याने सांगूनच मरायची.

धाकट्याला आज मरायची घाई होती. गेले काही रविवार तो मुद्दाम अंधाऱ्या कोठारात जाऊन उभा राहायचा, म्हणजे लबाड येईल आणि एकदाचं उरकून टाकील. भूत झालं की दारंच लागत नाहीत. भिंतीतून आरपार, जिकडे बोट नेईल तिकडे. आणि आपल्याला कोणी पाहत नाही. भूत होऊन हिंडताना तो प्रत्येक खोलीत एकदा डोकावायचा. मेलेल्यांना मेलेले दिसतात, हा खेळाचाच नियम. ताईचा रंग पिवळा होता. तो रंग आता कोणी घेत नव्हतं, आणि तरी कोठारातून बाहेर पडताना त्याचं लक्ष कोपऱ्यात जायचंच.

पण आज लबाड त्याच्याकडे फिरकतच नव्हता. आत्या मेली, दाजी मेले, शेवटी बायकोही "अगं बाई" म्हणून मेली, आणि तो दाराशी झटापट करत एकटाच उरला. त्याच्यामागे थोड्या अंतरावर हिरवा खलाशी येऊन थांबला होता. हिरवी म्हणजे चिमी, ताई-दाजींची मुलगी. इतकी संधी समोर असताना ती त्याला मारत नव्हती. नुसती उभी राहून पाहत होती. तो दारातून आत गेला, तेव्हा कुठे ती पुढे झाली आणि खेळ संपला.

चिमी जिंकली की घर डोक्यावर घ्यायची. मामाला हरवलं असेल तर मग विचारूच नका. आज ती नुसतीच म्हणाली, "चला, अभ्यास आहे," आणि गेली.

"हिला काय झालं?" बायकोने विचारलं.

तो म्हणाला, परीक्षा जवळ आली असेल.

चालीची गोष्ट या घरात जुनी. खलाश्यांनी किती वेगाने चालायचं हे खेळाची खोली उघडणाऱ्याच्या हातात असतं, आणि खोली उघडायची ताई. तिला सव्वाची चाल आवडायची. सगळे नुसते पळत सुटायचे, आत्या भिंतींना धडकून शिव्या द्यायची. मग एका रविवारी ताईने ती एकवर आणली. काही महिन्यांनी पाऊणवर. आत्यासाठी केलं म्हणाली. तिचं वय झालं, तिला जमत नाही. आत्या भडकली. "माझ्या नावावर बिल फाडू नकोस. मी अजून जिने चढते." सगळे हसले. पुढे ताईने चाल अर्ध्यावर आणली, तेव्हा धाकट्यानेच तिला गोगलगाय म्हणून चिडवलं होतं. तीही हसली होती. मला आधी मारा रे, म्हणायची, मला भूत व्हायला आवडतं.

माणसांनी भरलेल्या त्या जहाजावर दर आठवड्याला लबाड कोण हे हुडकायचा खेळ चालायचा, आणि ताई सगळ्यांच्या डोळ्यांत धूळ फेकून गेली. कप हातातून सुटला, तेव्हा घराला कळलं. डॉक्टर म्हणाले, स्नायूंचा आजार आहे, हातापासून सुरू झालाय, बरेच दिवस अंगावर काढलेला दिसतो. आणखीही एक गोष्ट म्हणाले: काही घरांत हा रक्तातून उतरतो, भावंडांनी तपासून घ्यावं, मुलीचं पुढे, ती सज्ञान झाल्यावर पाहू. धाकटा तेव्हा बघू म्हणाला होता. ताई गेली, तिचे दिवस झाले, नंतर ऋतू बदलले, आणि त्याचं बघू काही बघून होईना.

ताईमागे कितीतरी दिवस कोणी जहाजाचं नाव काढलं नाही. मग एका रविवारी चिमीने आईच्या फोनवरून खोली उघडली आणि सगळ्यांना बोलावलं. चाल तिने पहिल्याच दिवशी परत सव्वावर नेऊन ठेवली होती. पडद्यावरचा आकडा सगळ्यांनी पाहिला. आत्यानेही.

सोमवारी तो दुकानात गेला. चष्म्याच्या दुकानात मागच्या बाजूला त्याचं टेबल होतं. काचा घासायच्या, फ्रेमीत बसवायच्या, दांड्यांचे स्क्रू आवळायचे. हे स्क्रू तिळाएवढे. पूर्वी तो गप्पा मारता मारता ते जागच्या जागी बसवायचा. अलीकडे चिमट्यातून निसटायचे आणि फरशीवर पडले की जमीन गिळून टाकायची. आजकाल मालच हलका येतो, असं त्याने मालकाला सांगितलं होतं. मालकाने मान डोलावून दुसऱ्याकडून स्क्रू मागवले होते. तेही पडायला लागल्यावर त्याने टेबलाच्या कडेला चुंबकाची पट्टी चिकटवून घेतली. मालकाला ही युक्ती फार आवडली.

एक निवृत्त शिक्षिका नेहमीचा चष्मा घेऊन आल्या. दांडी सैल झाली होती, दोन मिनिटांचं काम. त्या काउंटरवर कोपर टेकून पाहत राहिल्या. त्याने चिमटा उजव्या हातातून डाव्यात घेतला. मग परत उजव्यात. शेवटी त्यांना म्हणाला, संध्याकाळी या, नीट करून ठेवतो. बाईंनी बिनचष्म्याच्या डोळ्यांनी त्याच्याकडे पाहिलं आणि बरं म्हणाल्या. त्या गेल्यावर तो आतल्या मोरीवर जाऊन गरम पाण्याखाली हात धरून उभा राहिला. थंडीने बोटं आखडतात. थंडी अजून पडायची होती, हेही त्याला माहीत होतं. त्याला भीती वाटत होती. इतकी, की उजव्या हाताकडे तो सरळ पाहतसुद्धा नव्हता.

घरी बायकोने पुन्हा तपासणीचा विषय काढला. हा विषय ती भाजी निवडताना काढायची, म्हणजे त्याच्या तोंडाकडे बघावं लागत नसे. तो म्हणाला, सीझन संपू दे.

"चष्म्याला कसला सीझन असतो?"

त्याने फोन काढून तिला काच दाखवली. बघ, वरचा पापुद्रा किती ओरखडलाय. बोट सरकतच नाही, मग खलाशी अडकणार नाही तर काय होईल. दुसऱ्या दिवशी त्याने शेजारच्या दुकानातून नवी काच बसवून घेतली, सगळ्यांत महागातली.

रविवार आला. चिमीने खोली उघडली, एकेक रंग येऊन उभा राहिला: हिरवी चिमी, तपकिरी दाजी, लाल आत्या, नारिंगी बायको. तो निळा. खेळ सुरू झाला आणि निळा खलाशी सरळ चालत इंजिनाच्या खोलीत शिरला.

त्याचा विश्वास बसेना. तो बाहेर आला, पुन्हा आत गेला. दार जणू रुंद झालं होतं. त्याने तारा जोडल्या, झडप बंद केली, अरुंद बोळातून कुठेही न घासता वरच्या डेकवर आला. छातीवरून धोंडा उतरावा तसं झालं. हसायलाच आलं त्याला. इतके दिवस उगाच रात्र रात्र छताकडे बघत काढले, आणि दोष कशाचा, तर एका पापुद्र्याचा.

"बघ," तो बायकोला हळूच म्हणाला, "काचच खराब होती."

बायकोने त्याच्या हाताकडे पाहिलं, मग त्याच्या चेहऱ्याकडे. तीही हसली. पुष्कळ दिवसांनी हसली.

तेवढ्यात स्पीकरमधून आत्या बोललीच. चालताना बोलायचं नाही हे तिला या जन्मी जमणार नव्हतं.

"आज सगळ्यांच्या पायांत बेड्या घातल्यात का गं चिमे? कोणासाठी एवढं हळू? परत माझ्या नावावर बिल फाडलंत ना?"

धाकट्याने पडद्यावरचे इतर रंग पाहिले. दाजींचा तपकिरी खलाशी डेक ओलांडत होता, पाण्यातून चालल्यासारखा. खेळ सुरू होण्याआधी कोपऱ्यात चालीचा आकडा येतो. नव्या काचेच्या आनंदात त्याने तिकडे पाहिलंच नव्हतं. आता पाहायची गरज उरली नव्हती. ही चाल त्याच्या ओळखीची होती. ही पाऊणची चाल.

घंटा वाजली. प्रेत कुठे सापडलं नव्हतं, सगळे जिवंत होते. सगळे रंग पडद्यावर रांगेत आले आणि कडेला सेकंद उतरायला लागले. घंटा हिरवीने वाजवली होती.

"कोणी मेलेलं नाही," चिमी म्हणाली. "मला मामाला विचारायचंय."

आत्या काही म्हणणार, तोच चिमी पुढे बोलली.

"आई दारात अडकायची ते मला दिसायचं. मी तिच्या शेजारीच बसलेली असायचे. तिच्या हाताकडे बघायचे आणि हसायचे." चिमीचा आवाज सरळ होता, पाठ केल्यासारखा. "तिला मी कधी विचारलं नाही. तुला विचारते. तू का अडकतोस?"

फोन, हा शब्द त्याच्या जिभेवर तयार होता. त्याच्या मागे काच, स्क्रू, थंडी, सगळे ओळीने उभे होते. खोटं बोललं तरी चालतं. तो नियम होताच. सोफ्याच्या टोकाला बायकोचं हसू अजून पुरतं मावळलं नव्हतं. ती त्याच्याकडे तसंच बघत होती आणि हळूहळू तिच्या लक्षात येत होतं. स्पीकरमधून दाजींचा श्वास ऐकू आला. ते घरात बसल्या बसल्या धाप लागल्यासारखा श्वास घेत होते.

सेकंद उतरत राहिले. त्याने अंगठा पडद्यावर नेला. तो खालच्या ओळीवर, आत्याच्या लालवर जाऊन पडला. त्याने तो उचलला, फोन उजव्या हातातून मांडीवर ठेवला आणि डाव्या हाताचं बोट निळ्या खलाश्यावर टेकवलं. त्याने स्वतःलाच मत दिलं.

मग रंगांसमोर एकेक खूण उमटत गेली. आधी हिरव्यासमोर, मग तपकिरी, मग नारिंगी. सगळ्यांत शेवटी लाल. आत्याला मताचं बटण नेहमी सापडायला वेळ लागायचा. मतं उघडली. निळ्यावर एकच मत होतं, त्याचं स्वतःचं. बाकीच्या चौघांनी मत सोडून दिलं होतं.

पडद्यावर काळाभोर समुद्र आला, वर ओळ आली: कोणालाही बाहेर काढलेलं नाही.

"उद्या सकाळी आम्ही येतो," दाजी म्हणाले. ते खेळताना सहसा बोलत नसत. "सगळे मिळून जाऊ डॉक्टरांकडे."

तो हो म्हणाला. बायको सरकून त्याच्या शेजारी येऊन बसली आणि तिने त्याचा उजवा हात मांडीवरून उचलून आपल्या हातात घेतला. त्या हाताकडे त्याने आज पहिल्यांदा नीट पाहिलं.

"चाल वाढवू का, मामा?" चिमीने विचारलं.

"नको," तो म्हणाला. "राहू दे."

दारं पुन्हा उघडली आणि सगळे रंग हळूहळू आपापल्या कामांना निघाले.