पेणला चालणारा प्रोग्रॅम

पेणच्या क्लासमधल्या सगळ्या कॉम्प्युटरवर पूजाचा प्रोग्रॅम बिनतक्रार चालायचा. कामगारांची नावं घातली की महिन्याच्या शिफ्ट लावून द्यायचा, आणि कुणाच्या माथी दोन आठवडे सलग रात्रपाळी मारायचा नाही. शहाण्णव सालात खाडीकाठच्या एका मुलीने हे जमवलं होतं, पण घरी त्याचं कौतुक करायला वेळ कुणाला? आईबाप दोघं मिठागरावर. पाऊस सरला होता, आगरांची कामं निघाली होती, आणि बापाने, हिरामणने, एकदाच सांगून टाकलं होतं, "रोह्याची नोकरी मिलाली त बरा. नाय त सोमवारपासून आयशीसंगती मिठागरावर."

रोह्याच्या कारखान्यात कॉम्प्युटरवर बसायची जागा एकच होती, आणि मुलाखतीला आपला प्रोग्रॅम चालवून दाखवायचा होता. मुलाखत घेणाऱ्या गुप्ते साहेबांनी तिची फ्लॉपी मशीनमध्ये घातली, पूजाने माऊस दाबला, आणि पडद्यावर चौकट आली: अमुक एक डीएलएल फाइल सापडत नाही. पुन्हा दाबलं, पुन्हा तीच चौकट.

"आधी बघून यायचं ना गो," साहेब म्हणाले.

बघूनच आली होती बिचारी. पण प्रोग्रॅमचा सगळा संसार त्याच्या एका फाइलीत नसतो. काही फाइली कॉम्प्युटरमध्येच एका जागी सामाईक असतात आणि दहा प्रोग्रॅम त्यांच्यावर विसंबून चालतात. क्लासमध्ये ती फाइल कुणीतरी कधीच टाकून ठेवलेली, त्यामुळे तिची आठवण कुणाला झालीच नाही. क्लास घेणाऱ्या हितेश सरांनी छातीठोकपणे सांगितलं होतं, आपली एक फाइल नेली की झालं. सरांनी तरी क्लासबाहेरचा कॉम्प्युटर कुठे पाहिला होता!

ती एसटीडी बूथवर धावली आणि क्लासला फोन लावला.

"अगं, इथे तर चालतोय," सर म्हणाले.

"सर, हितं नाय चालत! विंडोजच्या सिस्टिम फोल्डरमधी ती फाइल हाय, ती फ्लॉपीवर घाला आणि एसटीत द्या."

औषधं, डबे, लग्नाच्या पत्रिका, सगळंच त्या भागात कंडक्टरच्या हाती जायचं. फ्लॉपीही निघाली. साहेब भले गृहस्थ, दुपारपर्यंत थांबतो म्हणाले. पण निवडलेल्याचं नाव वर हेड ऑफिसला आजच द्यायचं होतं आणि बाहेर पुष्कर नावाचा एक मुलगा बसला होता, रोह्याचाच, पुण्याला शिकलेला.

स्टँडवर पूजा प्रत्येक गाडीला आडवी गेली. शेवटी नागोठण्यावरून पेणची गाडी आली आणि कान्हू कंडक्टरने पाकीट पुढे केलं.

"पडंल, हरवंल म्हणून इंजिनाच्या बॉनेटवर ठेवलं व्हतं. डायवरच्या डोळ्यासमोर."

बॉनेट तव्यासारखं तापलेलं. फ्लॉपी पापडासारखी वाकली होती. कान्हूने इतक्या मायेने सांभाळली होती की त्याच्यावर रागावताही येईना. पूजाला तिथेच रडू फुटलं.

ती परतली तेव्हा पुष्करचं दाखवून झालं होतं. त्याने सेटअपच्या फ्लॉप्या आणल्या होत्या, एकामागून एक घालून प्रोग्रॅम बसवला होता. प्रोग्रॅम बेताचाच, नावांची नुसती यादी दाखवणारा. पण चालला.

"नाव वर गेलं गो," साहेब म्हणाले. मग तिचा चेहरा बघून त्यांनाच राहवेना. "तुझी सकाळची फ्लॉपी इथेच आहे. एकदा दाबून बघ, मनात रुखरुख नको."

तिने दाबलं. चौकट आली नाही. प्रोग्रॅम उघडला.

पुष्कर ओशाळून म्हणाला, "माझ्या सेटअपमधून ती फाइल आली असणार. एकदा आली की सगळ्यांनाच चालते."

गुप्ते साहेबांनी खुर्ची पुढे ओढली. नावं घातली, शिफ्ट लागल्या, कुठे चूक निघेना. ते हरखूनच गेले. "अगो, हेच तर आम्हाला हवं होतं!"

पूजा पुढे झाली. "साहेब, मग माजं..."

"नाव आता बदलता येत नाही." ते पडद्याकडेच बघत होते. "पण हे राहू दे इथे. पुष्कर चालवील. जाण्याआधी त्याला जरा समजावून सांग."

ती नाही म्हणू शकली असती. पण कुठल्या साहेबाला नाही म्हणताना तिने आईबापाला कधी पाहिलं नव्हतं. तिने पुष्करला शेजारी बसवलं आणि नवं नाव कुठे घालायचं ते दाखवू लागली.